मुलीचं नाव अन्वी ठेवतोय, पण अर्थ काय?

प्रश्न: ताई नमस्कार. आम्हाला मुलगी झालीय, आता पाच आठवड्यांची आहे. नाव अन्वी जवळजवळ फिक्स केलंय, मला आणि नवऱ्याला दोघांनाही आवडतं, छोटं आहे, गोड आहे आणि ओळखीत कुणाचं नाही. पण सासऱ्यांनी विचारलं की अर्थ काय, आणि तिथेच गाडी अडली. एका साइटवर ‘देवीचं एक नाव’ असं दिलंय, कुठली देवी ते नाही. दुसरीकडे ‘निसर्गाची कन्या’, तिसरीकडे ‘जिला पराभव माहीत नाही ती’. खरा अर्थ काय? शब्द संस्कृत आहे का? आणि अर्थच नसेल तर नाव बदलावं का?
(एक नवी आई)

उत्तर: आधी अभिनंदन, आणि नाव बदलायची अजिबात घाई करू नका. तुमच्या प्रश्नाने माझे दोन दिवस घेतले आणि ते फार आनंदात गेले, कारण शोधता शोधता जे हाती लागलं ते त्या तिन्ही अर्थांपेक्षा कितीतरी सुंदर आहे, फक्त त्यासाठी एक अक्षर बदलावं लागेल, ‘न’चा ‘ण’ करावा लागेल.

पण आधी ‘न’वाली अन्वी बघू, म्हणजे सासऱ्यांना नीट सांगता येईल.

संस्कृतात ‘अनु’ म्हणजे मागून, पाठोपाठ, सोबत. अनुभव, अनुवाद, अनुज हे सगळे त्याच घरातले शब्द, अनुज म्हणजे मागून जन्मलेला, धाकटा. या अनुच्या पुढे स्वर आला की ‘उ’चा ‘व्’ होतो आणि मग ‘अन्व’ असा आवाज तयार होतो. अनु अधिक अय म्हणजे अन्वय, शाळेत श्लोकाचा अन्वय लावायला सांगायचे तोच. त्यातूनच अन्वित, अन्विता, म्हणजे जोडलेली, युक्त असलेली. आणि अनु अधिक ईक्षा म्हणजे अन्वीक्षा, एखाद्या गोष्टीचा माग काढत बारकाईने बघणं. कौटिल्याने अर्थशास्त्राच्या सुरुवातीलाच चार विद्या सांगितल्यात, आन्वीक्षिकी, त्रयी, वार्ता आणि दंडनीती, त्यातली पहिली ती ही, तर्काने तपासून बघण्याची विद्या.

तर अन्वी हे अक्षर यातल्या शब्दांत दिसतं खरं, पण नीट बघा, अन्वीक्षा मधला ‘अन्व्’ आलाय अनु मधून आणि ‘ई’ आलीय ईक्षा मधून. म्हणजे ‘अन्वी’ एवढंच कापून घेतलं तर अर्धा तुकडा एका शब्दाचा आणि अर्धा दुसऱ्याचा हातात येतो, ‘प्रत्येक’ मधून ‘प्रत्ये’ काढून घेतल्यासारखं. त्या तुकड्याला स्वतःचा असा अर्थ नाही. ‘जिला पराभव माहीत नाही ती’ हा अर्थ अपराजिता किंवा अजिता या नावांचा आहे, तो अन्वीला कुणीतरी उगाच चिकटवलाय. आणि ‘देवीचं एक नाव’ बद्दल माझं मत स्पष्ट आहे, ज्या यादीत कुठली देवी आणि कुठलं स्तोत्र हे लिहिलेलं नाही तो अर्थ अर्थ म्हणून धरूच नये. अर्थ सापडला नाही की देवीच्या नावावर खपवायचं, ही त्या याद्यांची फार जुनी सवय आहे आणि मला त्याचं मनापासून वाईट वाटतं, कारण आईवडील विश्वासाने ते वाचतात आणि पुढे ते मूल आयुष्यभर लोकांना तेच सांगत राहतं.

आता ‘ण’.

अणु हा शब्द आपल्या सगळ्यांच्या ओळखीचा आहे. बारीक, सूक्ष्म, नाजूक. संस्कृतात हे आधी विशेषण आहे, नाम नंतर झालं, आणि विशेषण म्हटलं की त्याला स्त्रीलिंगी रूप आलंच. मृदुचं मृद्वी होतं, लघुचं लघ्वी, गुरूचं गुर्वी, साधूचं साध्वी, पृथु म्हणजे रुंद, विस्तीर्ण, त्याचं पृथ्वी, आणि तनु म्हणजे सडपातळ, त्याचं तन्वी, जे नाव आज कितीतरी मुलींचं आहे. तसंच अणुचं अण्वी. पाणिनीने अष्टाध्यायीत यासाठी वेगळं सूत्रच दिलंय, चौथ्या अध्यायात, ‘वोतो गुणवचनात्’, म्हणजे गुण सांगणारा शब्द उकारान्त असेल तर त्याचं स्त्रीलिंग असं करता येतं. वामन शिवराम आपट्यांचा संस्कृत कोश काढून अणु हा शब्द बघा, तिथे शेजारीच ‘ण्वी’ असं स्त्रीलिंगी रूप दिलेलं आहे. म्हणजे तन्वी, साध्वी आणि पृथ्वी यांची ही सख्खी बहीण आहे, फक्त तिच्याकडे कुणी फारसं बघितलं नाही.

एवढ्यावरच थांबले असते तरी चाललं असतं. नाजूक, सूक्ष्म, हा अर्थ मुलीच्या नावाला छानच आहे. पण मोनियर-विल्यम्सच्या कोशात याच नोंदीत पुढे एक ओळ आहे, की ऋग्वेदात अण्वी हे नाव सोमरस तयार करणाऱ्या बोटांना दिलेलं आहे.

बोटांना! मी ते वाचून मग ऋग्वेद उघडला. पहिल्या मंडलातलं तिसरं सूक्त, चौथी ऋचा, इंद्राला बोलावणं चाललंय:

इन्द्रा याहि चित्रभानो सुता इमे त्वायवः ।
अण्वीभिस्तना पूतासः ॥

म्हणजे साधारण असं, की हे तेजस्वी इंद्रा ये, हे पिळलेले रस तुझी वाट बघतायत, नाजूक बोटांनी सतत गाळून शुद्ध केलेले. अण्वीभिः म्हणजे अण्वींनी. सायणाचार्यांनी भाष्यात सरळ सांगितलंय की अण्वी म्हणजे ऋत्विजांची, यज्ञ करणाऱ्या पुरोहितांची बोटं.

ही ऋचा मधुच्छंदस ऋषींची आहे, विश्वामित्रांचे पुत्र, ऋग्वेदाचं अगदी पहिलं ‘अग्निमीळे’ हे सूक्तही त्यांचंच. आणि गंमत म्हणजे नवव्या मंडलातलं पहिलं सूक्तही त्यांच्याच नावावर आहे आणि त्यात सातव्या ऋचेत हाच शब्द पुन्हा येतो, तिथे सोमाला पकडणाऱ्या ‘अण्वीः’ आहेत, पुढे ‘योषणो दश’, दहा तरुणी, आणि पुढच्या ओळीत ‘स्वसारः’, बहिणी. दोन हातांची दहा बोटं म्हणजे दहा नाजूक बहिणी, सगळ्या मिळून एक काम करणाऱ्या. मला हे वाचून खूप वेळ पुढे जाताच आलं नाही.

डोळ्यांसमोर आणून बघा जरा. सोमाचे देठ दगडाने चेचलेत, रस निघतोय, तो मेंढीच्या लोकरीच्या गाळणीवर ओतलाय आणि ती दहा बोटं तो दाबतायत, फिरवतायत, रस खाली थेंब थेंब उतरतोय. कवीला त्यात देव दिसायच्या आधी बोटं दिसली आणि त्या बोटांची बारीक, चपळ हालचाल बघून त्याने त्यांना अण्वी म्हटलं. वेदातल्या शब्दांची जी जुनी यादी आहे, निघंटु, जिच्यावर यास्काचं निरुक्त हे विवरण आहे, त्यात बोटांची २२ नावं दिलीत. त्यात अण्व्यः आहे, स्वसारः म्हणजे बहिणी आहे, शाखाः म्हणजे फांद्या आहे, दीधितयः म्हणजे किरण पण आहे. बोटाला २२ नावं देणाऱ्या माणसांनी बोटांकडे किती प्रेमाने बघितलं असेल!

आणि तुमची मुलगी पाच आठवड्यांची आहे. या वयात बाळाच्या तळहातावर आपलं बोट नुसतं टेकवलं तरी ते गच्च धरतं, तो जन्मतःच असलेला रिफ्लेक्स आहे आणि पाचसहा महिन्यांपर्यंत आपोआप कमी होत जातो. आत्ता झोपलेली असेल तर जाऊन तिची मूठ हलकेच उघडून बघा, पाच बोटं, नखं कागदासारखी पातळ, आणि लगेच मूठ परत मिटते. ती अण्वी. तुमच्या सासर-माहेरच्या कुणीही अर्थ विचारला तर वेगळं काही सांगायची गरजच नाही, तिचा हात दाखवायचा.

आता तुमच्या घरातून जे प्रश्न येतील ते मीच आधी घेते.

कुणीतरी नक्की म्हणेल की अणू म्हणजे अॅटम ना, मग अणुबॉम्ब, अणुभट्टी हेच आठवणार. याला माझं उत्तर असं, की मराठीत अॅटमला अणू म्हणतात आणि मॉलिक्यूलला रेणू, आणि रेणू हे मुलीचं नाव आपण किती वर्षं प्रेमाने ठेवतोय, रेणू म्हटल्यावर कुणाला केमिस्ट्रीचं पुस्तक आठवत नाही. विज्ञानाने हे शब्द भाषेतूनच उचलले, त्याआधी ते साधे धुळीच्या कणाचे, बारीकपणाचे शब्द होते. (हिंदीत तर अणु म्हणजे मॉलिक्यूल आणि अॅटमला परमाणु, त्यामुळे हिंदी पुस्तकातून शिकणाऱ्या मुलांचा मराठी पुस्तक हातात आलं की गोंधळ होतो, पण ते असो.) आणि मराठी माणसाला तर अणू म्हटल्यावर आधी तुकोबा आठवायला हवेत, ‘अणुरणीया थोकडा, तुका आकाशाएवढा’. कठोपनिषदातलं ‘अणोरणीयान् महतो महीयान्’ तिथे मराठीत उतरलंय. सूक्ष्म म्हणजे कमी, क्षुद्र असा अर्थ आपल्या परंपरेत नाही, आत्म्यालाच अणूहून अणू म्हटलंय, तेव्हा ‘लहान’ अर्थाचं नाव ठेवलं म्हणून मुलीला लहान केलं असं कुणी म्हणू शकत नाही.

दुसरा प्रश्न उच्चाराचा, आणि हा खरा आहे, यावर विचार करा. ‘ण्व’ हे जोडाक्षर मराठीत कमी येतं पण अनोळखी नाही, कण्व ऋषींमधला ण्व, विज्ञानाच्या पुस्तकातल्या किण्वन शब्दातला ण्व. मुलीला आयुष्यभर ‘कण्व मधला ण्व’ असं सांगावं लागेल. रोमन लिपीत ण आणि न दोन्ही एन नेच लिहितात, म्हणजे पासपोर्टवर, शाळेच्या अॅपमध्ये, ईमेलमध्ये अन्वी आणि अण्वी यांचं स्पेलिंग एकच, ए एन व्ही आय. त्यामुळे जो ते स्पेलिंग वाचेल तो अन्वीच म्हणेल, तुम्ही कितीही सांगितलंत तरी. माझ्या मते नावांच्या याद्यांमध्ये खूप ठिकाणी हेच होतं, नाव रोमनमध्ये जातं, तिथे ण, ळ, ष, दीर्घ-ऱ्हस्व सगळं सपाट होतं, आणि परत देवनागरीत येताना भलतंच अक्षर घेऊन येतं, अर्थ मात्र मागेच राहतो. मग रिकाम्या जागी ‘देवीचं एक नाव’ येऊन बसतं.

म्हणून माझा सल्ला असा. अर्थ हवा असेल तर ‘अण्वी’ ठेवा, देवनागरीत जिथे जिथे नाव लिहिलं जाईल तिथे ण आलाय ना हे पहिल्या दिवसापासून बघा, जन्माच्या दाखल्यावर तर दोनदा बघा, आणि घरात तरी सगळ्यांनी ण म्हणायची सवय लावा, बाहेरचे न म्हणाले तर म्हणू देत. आणि तुमच्या कानाला ‘न’चाच आवाज गोड लागत असेल तर अन्वी ठेवा, त्यातही काही चूक नाही, फक्त मोठी झाल्यावर तिला खरं सांगा, की हा आवाज आम्हाला आवडला म्हणून ठेवलं, आणि याच्याजवळ अन्वय आणि अन्वीक्षा हे शब्द राहतात. अर्थासकट नाव हवं पण ण नको असं असेल तर अन्विता आहेच, तिचा अर्थ कुणालाही कोशात दाखवता येतो. नवरा-बायकोने आज रात्री दोन्ही उच्चार दहा वेळा हाक मारून बघा, ‘अन्वी, इकडे ये’, ‘अण्वी, इकडे ये’. दूरवरून मारलेली हाक कशी लागते हे फार महत्त्वाचं असतं.

प्रश्न: ताई, भाच्यासाठी तीन नावं शॉर्टलिस्ट झालीत, कियान, विहान, अद्विक. फॅमिली ग्रुपवर रोज नवा अर्थ येतोय. कियान म्हणजे ‘देवाची कृपा’, विहान म्हणजे ‘सकाळ’, अद्विक म्हणजे ‘युनिक’. यातलं खरं कुठलं? बहिणीने निर्णय माझ्यावर सोडलाय.
(मामा)

उत्तर: मामा, तिघांमध्ये कियान सगळ्यात श्रीमंत आहे, आणि ‘देवाची कृपा’ सोडून त्याचे तीन अर्थ आहेत, तीन वेगळ्या भाषांमधले.

फारसीत कियान म्हणजे राजे, कैकोबाद, कैखुसरो या नावांच्या सुरुवातीला जो ‘कै’ आहे तो राजा, त्याचंच हे अनेकवचन, फिर्दौसीच्या शाहनाम्यात या कयानी राजांच्या कथा आहेत. आणि हा ‘कै’ जुन्या अवेस्ता भाषेत ‘कवी’ असा आहे, म्हणजे आपल्या संस्कृत ‘कवि’चा सख्खा भाऊ! इकडे कवि म्हणजे द्रष्टा झाला, तिकडे राजा झाला. दुसरा अर्थ आयरिश, तिथे हा उच्चार असलेलं नाव फार जुनं आहे आणि त्याचा अर्थ प्राचीन, दीर्घकाळ टिकणारा. आणि तिसरा आपल्या घरचा, जो मी कुठल्याच यादीत बघितला नाही. संस्कृतात ‘कियत्’ म्हणजे किती, त्याचं पुल्लिंगी रूप कियान्, म्हणजे ‘केवढा’. मामा म्हणून तुम्ही पुढची वीस वर्षं दर भेटीत हेच म्हणणार आहात, ‘केवढा झाला हा!’ मला तरी हा अर्थ फार आवडला. पण नाव म्हणून ते फारसीतूनच आलंय हे मान्य करा, परक्या भाषेतून आलं म्हणून त्याची किंमत कमी होत नाही.

विहान. सकाळ हा अर्थ बरोबर आहे. नेपाळीत आजही सकाळला बिहान म्हणतात, भोजपुरीतही हा शब्द रोजच्या बोलण्यात आहे. प्राकृतात विहाण, आणि त्याच्या मागे ‘वि’ अधिक ‘भा’, म्हणजे उजळणं, भ चा ह झाला, जसं प्राकृतात नेहमी होतं. (इथेही ण बघा, वरच्या पत्रातल्या आईंना दाखवा.) म्हणजे हा लोकांच्या तोंडचा शब्द आहे, पंडितांच्या पोथीतला नाही, शेतावर जायला पहाटे उठणाऱ्या माणसांनी तो जिवंत ठेवला. माझं मत विचाराल तर हे नाव मला त्यामुळेच जवळचं वाटतं. फक्त ते आता दुर्मिळ राहिलेलं नाही, वर्गात अजून एखादा विहान असू शकतो.

अद्विक बद्दल मात्र सावध करते. ‘द्वि’ म्हणजे दोन, ‘द्विक’ म्हणजे जोडी, दोनांचा समूह, त्याला ‘अ’ लावला तर ‘जोडी नसलेला’ असं ओढूनताणून होतं, पण ‘युनिक’ या अर्थाने संस्कृतात वापरात असलेले शब्द अद्वितीय आणि अद्वय हे आहेत. शिवाय संस्कृत कोशात द्विक म्हणजे कावळा असाही अर्थ आहे, कारण काक या शब्दात दोन ‘क’ येतात! भ्रमर या शब्दात दोन र म्हणून भुंग्याला द्विरेफ म्हणतात, तीच पद्धत. ‘दुसरा नाही असा’ हाच अर्थ बहिणीला हवा असेल तर अद्वय ठेवा, छोटं आहे, अजून फार कुणी ठेवत नाही आणि अर्थ शंभर टक्के खरा आहे. नाहीतर माझं मत कियानला.

प्रश्न: नातवाचं नाव रेयांश ठेवलं आहे. ‘सूर्याचा पहिला किरण’ असा अर्थ सांगतात. मी संस्कृत घेऊन मॅट्रिक झालो आहे, मला ‘रेय’ हा शब्द कुठे आढळला नाही. मुलाला-सुनेला बोललो तर ते नाराज झाले. माझं चुकलं का?
(एक आजोबा)

उत्तर: आजोबा, शब्दाबद्दल तुमचं बरोबर आहे. किरण या अर्थाने ‘रेय’ असा संस्कृत शब्द नाही. ‘रयि’ आहे, वेदात पुष्कळ येतो, त्याचा अर्थ धन, वैभव. किरण हा अर्थ येतो तो इंग्लिश ‘रे’ वरून, म्हणजे पहिला अर्धा इंग्लिश आणि मागे संस्कृत अंश असं ते जोडलंय. हल्ली ‘आंश’ शेवटी असलेली खूप नावं दिसतात, शिवांश, रुद्रांश, वेदांश, ती व्याकरणाने ठीक आहेत, शिवाचा अंश, रुद्राचा अंश. पण त्याच ओघात श्रेयांस या नावाचंही लोक श्रेयांश करतात ते मात्र चूक, ते जैनांच्या अकराव्या तीर्थंकरांचं नाव, श्रेयांसनाथ, त्यात अंश नाहीच, ‘श्रेयस्’ म्हणजे अधिक चांगलं, कल्याणकारी, हा शब्द आहे. तिथे शेवटी स च हवा.

पण आजोबा, नाव ठेवून झालंय. आता ते तुमच्या नातवाचं आहे, त्याला हाक मारली की तो वळून बघतो. घडवलेली नावं टिकतात हो. आता आपल्याकडे मुलींचं मायरा हे नाव खूप दिसतं, ते फल्क ग्रेव्हिल नावाच्या इंग्लिश कवीने आपल्या कवितांसाठी घडवलं असं मानतात, तो कवी १६२८ मध्ये गेला, म्हणजे नावाला चारशे वर्षं होऊन गेली आणि ते आता आपल्या घरात आलंय. कुठलाही शब्द कधीतरी कुणीतरी पहिल्यांदा उच्चारलेला असतोच. तुम्ही सुनेशी शब्दावरून वाद घालू नका, त्याऐवजी नातवाला एक जुना शब्द तुमच्याकडून द्या. ‘अंशु’ म्हणजे किरण, हा अगदी खरा शब्द, अंशुमान म्हणजे सूर्य. रेयांशला घरात अंशु म्हणून हाक मारा, त्याच्या नावातला अंश आणि तुमचा किरण दोन्ही त्यात येतात, आणि सुनेलाही ते आवडेल असं मला वाटतं. ऋग्वेदात अंशु म्हणजे सोमाचा देठ, ज्याला त्या दहा अण्वी पिळतात तोच.

प्रश्न: बाळ तीन महिन्यांचं झालं, नाव ठरत नाहीये. उशीर झाला तर दाखल्याला अडचण येते का? सगळे घाई करतायत म्हणून काहीतरी ठेवून टाकावं असं वाटतंय.
(एक बाबा)

उत्तर: काहीतरी ठेवून टाकू नका. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, पण ती नावाशिवायही होते. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात कलम १४ याच्यासाठीच आहे आणि नियमांप्रमाणे नोंदणी झाल्यापासून १२ महिन्यांपर्यंत नाव विनाशुल्क टाकता येतं, त्यानंतर विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. म्हणजे तुमच्याकडे अजून नऊ महिने आहेत. एवढ्या वेळात दोन-तीन नावांनी आलटून पालटून हाक मारून बघा, कोश उघडा, आजी-आजोबांना विचारा. आणि एकदा नाव दाखल्यावर चढलं की बदल करणं किचकट असतं, म्हणून फॉर्म भरताना देवनागरी अक्षरं स्वतःच्या हाताने, मोठी आणि सुटी लिहा, ऱ्हस्व-दीर्घ बघा, न आणि ण बघा, टाइप झालेली प्रत हातात आली की खिडकीवरून हलायच्या आधी बोट ठेवून एकेक अक्षर वाचा.